तीन वर्षें कीं तीनशें वर्षें?



काळ मोजण्याचीं साधनें मनुष्यानें फार प्राचीन काळापासून बनविलीं आहेत. घटिकापात्र, वाळूचें घड्याळ, लंबकाचें घड्याळ आणि आतांचें अणुघड्याळ, हीं सर्व एकाच समजुतीवर उभीं आहेत. ती समजूत अशी कीं, काळ सर्वांसाठीं सारख्याच वेगानें चालतो. शाळेची घंटा हुशार मुलासाठीं एका वेळीं आणि आळशी मुलासाठीं दुसऱ्या वेळीं वाजत नाहीं. राजाची घटका आणि रंकाची घटका एकच. असें असूनहि पृथ्वीवरील अनेक लोकांच्या जुन्या कथांत असा एखादा प्रदेश सांपडतो कीं, जेथें काळाची चाल निराळी असते. मनुष्य तेथें थोडा वेळ राहून परत येतो, तों त्याच्या गांवांत कित्येक पिढ्या उलटून गेलेल्या असतात.

अशा कथा आपण सहसा करमणुकीच्या सदरांत टाकतों व वाचून विसरून जातों. परंतु एकमेकांपासून हजारों कोस दूर राहणाऱ्या लोकांनीं एकच गोष्ट पुन्हां पुन्हां सांगितली असेल, तर तिच्यांत विचार करण्याजोगें कांहींतरी असलें पाहिजे. या लेखांत आपण अशा चार कथा पाहूं. पहिली जपानची, दुसरी आयर्लंडची, तिसरी आपल्या पुराणांतील आणि चौथी आशियामायनरमधील ख्रिस्ती मंडळींत प्रचलित झालेली. प्रत्येक कथा वाचतांना तीन गोष्टींकडे लक्ष द्यावें. तेथें किती काळ गेला आणि येथें किती, ही पहिली. परत आलेल्या मनुष्याला हें कशावरून समजलें, ही दुसरी. आणि परत आल्यावर त्याला भेटलें कोण, ही तिसरी. या तिसरीचें महत्त्व शेवटीं कळून येईल.

१. समुद्राखालचा राजवाडा

जपानांत ऊराशिमा तारो याची कथा न ऐकलेलें मूल विरळा. इ. स. ७२० मध्यें पुऱ्या झालेल्या ‘निहोन शोकी’ या राजबखरींतहि ऊराशिमाचा उल्लेख आहे, तेव्हां ही कथा निदान तेराशें वर्षांची जुनी आहे हें उघड आहे. काळानुसार तिचीं रूपें बदलत गेलीं. सध्यां मुलांस सांगतात तें रूप पुढीलप्रमाणें आहे.

ऊराशिमा हा एक तरुण कोळी होता. एके दिवशीं किनाऱ्यावर कांहीं मुलें एका कांसवाला छळीत असलेलीं त्यानें पाहिलीं. त्यानें त्या कांसवाला सोडवून समुद्रांत जाऊं दिलें. पुढें त्या कांसवानें त्याला आपल्या पाठीवर बसवून नागराजाच्या समुद्राखालच्या राजवाड्यांत नेलें. तेथें ओतोहिमे नांवाच्या राजकन्येनें त्याचा मोठा सत्कार केला. या राजवाड्याचें एक जुनें वर्णन फार मनोहर आहे. त्याच्या चार बाजूंस एकाच वेळीं चार ऋतु नांदत होते. पूर्वेस वसंतांतील फुलें, दक्षिणेस ग्रीष्मांतील गर्द हिरवळ, पश्चिमेस शरदांतील तांबडीं पानें आणि उत्तरेस हिवाळ्याचें बर्फ. जेथें चारी ऋतु एकदम दिसतात, तेथें वर्ष सरलें हें मनुष्याला कळावें तरी कसें?

तीन वर्षें अशीं सुखांत गेल्यावर ऊराशिमाला आईबापांची आठवण झाली. निघतांना राजकन्येनें त्याला एक सुंदर पेटी दिली आणि ती कधींहि उघडूं नये असें निक्षून सांगितलें. तो गांवीं आला. डोंगर होते ते होते, परंतु घर नव्हतें, वाट नव्हती, ओळखीचें एकहि तोंड नव्हतें. त्यानें आपलेंच नांव घेऊन चौकशी केली. तेव्हां त्याला उत्तर मिळालें कीं, त्या नांवाचा एक कोळी फार पूर्वीं समुद्रावर गेला आणि परत आला नाहीं, असें वडील माणसें सांगत. तीनशें वर्षें होऊन गेलीं होतीं. कांहीं जुन्या प्रतींत सातशें वर्षें असें आहे. दुःखानें वेडा होऊन ऊराशिमानें ती पेटी उघडली. तींतून पांढरा धूर निघाला आणि पाहतां पाहतां त्याचे केस पिकले, पाठ वांकली, आणि तो जर्जर म्हातारा झाला. त्याचीं न जगलेलीं वर्षें त्या पेटींत बंद करून ठेविलेलीं होतीं! जपानच्या क्योतो प्रांतांत इने या समुद्रकांठच्या गांवीं ऊराशिमाचें देऊळ आजहि उभें आहे.

२. तारुण्याचा देश

आतां आशिया व यूरोप हीं दोन्ही खंडें ओलांडून अगदीं पश्चिमेकडील टोंकास जाऊं. आयर्लंडच्या जुन्या कथांत ‘तीर ना नोग’ नांवाचा देश आहे. या नांवाचा अर्थ तरुणांचा देश. तो पश्चिम समुद्रापलीकडे असून तेथें जरा नाहीं, रोग नाहीं, मरण नाहीं, अशी कल्पना होती.

फिन मॅककूल हा वीरांच्या एका प्रसिद्ध टोळीचा नायक. त्याचा पुत्र ओशीन हा शूर तर होताच, शिवाय कविहि होता. नीव्ह नांवाची सोनेरी केसांची राजकन्या एका पांढऱ्या घोड्यावर बसून आली आणि ओशीनला आपल्या देशीं घेऊन गेली. तेथें त्याला तीन वर्षें गेल्यासारखीं वाटलीं. मग बापाची व सोबत्यांची आठवण होऊन त्यानें परत जाण्याची आज्ञा मागितली. नीव्हनें त्याला तोच घोडा दिला, परंतु बजावून सांगितलें कीं, घोड्यावरून खालीं उतरूं नकोस, तुझें पाऊल आयर्लंडच्या मातीला लागतां कामा नये.

ओशीन आला तों तीनशें वर्षें लोटलीं होतीं. फिनचा वाडा ओसाड पडून त्यावर गवत माजलें होतें. भेटणारीं माणसें त्याला आकारानें लहान व अंगानें दुबळीं दिसलीं. डब्लिन शहराजवळील ग्लेनअस्मोल नांवाच्या दरींत कांहीं माणसें एक मोठा धोंडा हलविण्यासाठीं धडपडत होतीं. त्यांची दया येऊन ओशीननें घोड्यावरूनच वांकून त्या धोंड्याला हात घातला. धोंडा हलला, पण जोरानें खोगिराचा पट्टा तुटला आणि ओशीन खालीं पडला. अंग मातीला लागतांच तो आंधळा, सुरकुतलेला वृद्ध होऊन गेला.

जपान आणि आयर्लंड हीं दोन्ही बेटें आहेत, आणि दोन्हीकडे तीन वर्षांचीं तीनशें वर्षें झालीं, ही गोष्ट ध्यानांत ठेवण्याजोगी आहे. जेथील माणसें समुद्रावर पोट भरतात, तेथें प्रत्येक गांवांत न परतलेला असा एखादा मनुष्य असतोच. तो बुडाला असें म्हणण्यास आईचें मन धजत नाहीं. तो दुसऱ्या देशीं सुखांत आहे, फक्त तेथील दिवस फार मोठे आहेत, असें म्हणण्यानें तिला थोडा धीर येत असेल. या कथांचा उगम अशा एखाद्या ओसरीवर झाला असावा, असें आम्हांस वाटतें.

दोन्ही कथांत एक भेदहि आहे. ऊराशिमाचा नाश एकटेपणानें झाला. ओशीन पडला तो दुसऱ्याचें ओझें उचलतांना पडला. आज्ञा दोघांनींहि मोडली, पण दोघांस एकाच मापानें मोजणें न्यायाचें होणार नाहीं.

३. ब्रह्मलोकांतील एक गाणें

आपल्या देशांतील कथा भागवत व विष्णु या दोन्ही पुराणांत आहे. कुशस्थलीचा राजा ककुद्मी, यालाच रैवत असेंहि म्हणतात, आपली कन्या रेवती हिच्यासाठीं योग्य वर कोणता हें विचारण्यास तिला घेऊन ब्रह्मलोकीं गेला. त्या वेळीं तेथें गंधर्वांचें गायन चाललें होतें. मध्येंच बोलणें शिष्टाचारास सोडून होईल म्हणून राजा गाणें संपेपर्यंत थांबला. मग त्यानें आपल्या मनांतील वरांचीं नांवें निवेदन केलीं. ब्रह्मदेव हंसला आणि म्हणाला कीं, राजा, तूं ज्यांचा विचार केला आहेस त्यांपैकीं कोणीहि आतां नाहीं. त्यांचे पुत्र नाहींत, नातू नाहींत, त्यांच्या गोत्रांचीं नांवेंहि ऐकूं येत नाहींत, कारण तूं येथें थांबलास तेवढ्यांत पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगें होऊन गेलीं.

हा आंकडा मनास येईल तसा घेतलेला नाहीं. आपण गणित करून पाहूं. पुराणांच्या हिशोबानें एका चतुर्युगाचीं ४३,२०,००० मानवी वर्षें होतात. त्यांस २७ नें गुणिलें असतां ११,६६,४०,००० वर्षें येतात, म्हणजे अकरा कोटींहून अधिक! आतां, ब्रह्मदेवाचा एक दिवस १,००० चतुर्युगांचा असतो आणि रात्रहि तेवढीच असते. त्याच्या दिवसाचे आपल्याप्रमाणें बारा तास धरले, तर २७ चतुर्युगांस त्याच्या घड्याळांत किती वेळ लागेल? बारा तासांचीं ७२० मिनिटें. त्यांस २७ नें गुणून १,००० नें भागिलें म्हणजे उत्तर १९.४४ मिनिटें असें येतें. सुमारें साडेएकोणीस मिनिटें! एखादा गवई राग मांडून बसला म्हणजे एवढा वेळ सहज जातो. ज्यानें ही कथा प्रथम रचिली त्याच्यापुढें हाच हिशोब होता असें म्हणण्याचें धाडस आम्ही करीत नाहीं, पण कथा आणि कालगणना एकमेकींशीं किती चोख जुळतात हें पाहून नवल वाटतें.

पुढें ब्रह्मदेवाच्या सांगण्यावरून राजानें रेवतीचा विवाह बलरामाशीं केला. विष्णुपुराणांत असें आहे कीं, इतक्या काळांत पृथ्वीवरील माणसें आकारानें लहान झालीं होतीं आणि रेवती फार उंच होती, म्हणून बलरामानें आपल्या नांगराच्या टोंकानें तिला ठेंगणी केली. ओशीनलाहि पुढच्या काळांतील माणसें लहान दिसलीं होतीं, हें येथें आठवतें. जो तो आपल्या काळाला मोठा समजतो, हा मनुष्यस्वभाव दोन्ही ठिकाणीं सारखाच उतरला आहे.

४. इफिसची गुहा

चौथी कथा पवित्र शास्त्रांतील नव्हे. ती ख्रिस्ती मंडळींतील एक जुनी आख्यायिका आहे आणि आख्यायिका म्हणूनच ती वाचावी. इफिस हें नगर, ज्यांतील मंडळीच्या नांवें पौलाचें एक पत्र नव्या करारांत आहे, आजच्या तुर्कस्थानांत सेल्चुक गांवाजवळ उध्वस्त स्थितींत पाहावयास मिळतें. रोमन बादशहा डेसियस यानें इ. स. २४९ ते २५१ पर्यंत राज्य केलें, आणि त्याच्या कारकिर्दींत ख्रिस्ती लोकांचा छळ झाला. मूर्तीपुढें बलि देण्याचें नाकारून सात तरुण एका गुहेंत लपले. गुहेचें तोंड दगडांनीं बंद करण्यांत आलें. आंत ते सातहि जण झोंपीं गेले.

पुढें कोणीतरी ते दगड काढिले व तरुण जागे झाले. त्यांना वाटलें, एकच रात्र गेली. भूक लागली म्हणून एकजण भाकरी आणण्यास नगरांत गेला. वेशीवर क्रूस पाहून तो चकित झाला, कारण आदल्या दिवशीं त्या क्रुसाचें नांव घेणेंहि जिवावर बेतत होतें! भाकरीवाल्यास त्यानें डेसियसच्या शिक्क्याचें नाणें दिलें. भाकरीवाल्यास वाटलें, याला पुरलेलें धन सांपडलें आहे. गर्दी जमली, तरुणाला धरून बिशपापुढें नेण्यांत आलें, आणि मग सर्व उलगडा झाला. बादशहा दुसरा थिओडोसियस स्वतः त्यांना भेटावयास आला. त्या वेळीं मृतांचें पुनरुत्थान खरें कीं खोटें असा वाद चालू होता. त्या सातांनीं आपला वृत्तांत सांगून त्याविषयीं साक्ष दिली आणि ते पुन्हां शांतपणें निजले, ते कायमचे.

हा थिओडोसियस इ. स. ४०८ पासून ४५० पर्यंत गादीवर होता. तेव्हां २४९ पासून ४५० पर्यंत, म्हणजे जास्तींत जास्त धरलें तरी २०१ वर्षें होतात. परंतु मध्ययुगांतील कांहीं पुस्तकांत ते ३७२ वर्षें निजले असें लिहिलें आहे! लोककथेला मोठा आंकडा आवडतो, इतिहासाला सनावळी लागते, आणि विद्यार्थ्यानें दोन्ही वेगवेगळीं ओळखण्यास शिकलें पाहिजे. हीच कथा मुसलमान बंधूंसहि पूज्य आहे. कुराणाच्या अठराव्या अध्यायाचें नांवच ‘गुहा’ असें असून तेथें तीनशें वर्षें आणि वर नऊ असा काळ सांगितला आहे. इ. स. १९२७-२८ मध्यें इफिस येथें या गुहेच्या जागीं उत्खनन झालें, तेव्हां एक जुनें प्रार्थनामंदिर व शेंकडों थडगीं सांपडलीं. यावरून त्या स्थळास लोक किती शतकें मान देत आले आहेत हें दिसून येतें.

५. अलीकडील लेखक आणि शास्त्र

छापखान्याच्या युगांतहि ही कल्पना मेली नाहीं. अमेरिकन लेखक वॉशिंग्टन अर्व्हिंग यानें इ. स. १८१९ मध्यें रिप व्हॅन विंकल याची गोष्ट लिहिली. हा मनुष्य डोंगरांत वीस वर्षें झोंपतो. तेवढ्यांत अमेरिका स्वतंत्र झालेली असते आणि खाणावळीच्या पाटीवर राजा जॉर्जच्या जागीं जॉर्ज वॉशिंग्टनचें नांव आलेलें असतें. जेम्स हिल्टन यानें १९३३ मध्यें ‘लॉस्ट होरायझन’ या कादंबरींत तिबेटच्या डोंगरांत शांग्रि-ला नांवाचा मठ कल्पिला. तेथें माणसें फार सावकाश म्हातारीं होतात, आणि त्या मठाचा प्रमुख हा दोनशें वर्षांवर जगलेला एक ख्रिस्ती मिशनरीच दाखविला आहे. सी. एस. लुईस यानें १९५० मध्यें प्रसिद्ध केलेल्या नार्नियाच्या पहिल्या कथेंत गंगा उलटी वाहते. तेथें मुलें लहानाचीं मोठीं होऊन राज्य करितात, आणि परत येतात तों घरीं एक क्षणहि गेलेला नसतो.

येथें एखादा चौकस विद्यार्थी विचारील कीं, गुरुजी, यांत खरें कांहीं आहे काय? उत्तर असें कीं, थोडेंसें आहे. आल्बर्ट आइन्स्टाइन यानें १९०५ आणि १९१५ मध्यें मांडिलेल्या सिद्धांतांप्रमाणें वेगानें जाणारें घड्याळ मंद चालतें, आणि पृथ्वीपासून उंचावर असलेलें घड्याळ जलद चालतें. १९७१ मध्यें हाफेल व कीटिंग या दोघां अमेरिकन शास्त्रज्ञांनीं अणुघड्याळें विमानांतून पृथ्वीभोंवतीं फिरवून आणिलीं आणि हा फरक प्रत्यक्ष मोजला. तो सेकंदाच्या अब्जांश भागांत मोजावा लागला इतका सूक्ष्म होता. मार्ग दाखविणाऱ्या कृत्रिम उपग्रहांवरील घड्याळें दररोज आपल्यापेक्षां सुमारें ३८ मायक्रोसेकंद पुढें जातात. तेवढ्यांत प्रकाश ११ किलोमीटरांवर जातो, म्हणून ही दुरुस्ती केली नाहीं तर सर्व नकाशे चुकतील. २०१० मध्यें तर दोन घड्याळांत केवळ ३३ सेंटिमीटर उंचीचा फरक ठेवूनहि काळाचा भेद मोजतां आला. म्हणजे जिन्याच्या वरच्या पायरीवर उभा असलेला मुलगा खालच्या पायरीवरील मुलापेक्षां किंचित् लवकर म्हातारा होतो! पण हा भेद इतका अल्प आहे कीं, साऱ्या आयुष्यांतहि तो कोणाच्या ध्यानांत यावयाचा नाहीं. तीनशें वर्षांचें अंतर शास्त्रानें नव्हे, मनुष्याच्या हृदयानें निर्माण केलें आहे.

६. परत आल्यावर कोण भेटलें?

आतां आपण तिसऱ्या प्रश्नाकडे वळूं. या चारहि कथांत गेलेला काळ कोणासहि परत मिळाला नाहीं. तरीहि चौघांचा शेवट सारखा नाहीं. कां?

ऊराशिमाला किनाऱ्यावर जे भेटले त्यांनीं त्याला उत्तर दिलें आणि ते आपल्या वाटेनें गेले. तूं कोण, कोठून आलास, काय पाहिलेंस, असें त्याला कोणींहि विचारलें नाहीं. त्याच्यापाशीं उरली ती पेटी, म्हणून ती त्यानें उघडली. ककुद्मीला सत्य सांगणारा भेटला. तें सत्य कठोर होतें, पण पुढें काय करावें हेंहि त्यानेंच सांगितलें, म्हणून राजा कन्येचा विवाह करून शांत मनानें बदरिकाश्रमीं तपाला जाऊं शकला. गुहेंतील सातांना बिशप भेटला, बादशहा भेटला, त्यांचें म्हणणें सर्व नगरानें ऐकून घेतलें, म्हणून त्यांची झोंप सुखाची झाली.

आणि ओशीन? त्याला आयर्लंडचा ख्रिस्ती उपदेशक संत पॅट्रिक भेटला, असें जुनीं काव्यें सांगतात. त्या दोघांचे संवाद फार सुंदर आहेत. पॅट्रिक त्याला स्वर्गाविषयीं सांगतो, आणि तो आंधळा म्हातारा विचारतो कीं, तेथें माझा बाप फिन असेल काय, माझे सोबती असतील काय? ते नसतील तर त्या सुखाला घेऊन मी काय करूं? हा प्रश्न विचारणाऱ्या म्हाताऱ्याला त्या कवींनीं गप्प बसविलें नाहीं. दोघांचेंहि बोलणें त्यांनीं तसेंच राहूं दिलें. सुमारें इ. स. १२०० च्या सुमाराच्या ‘वृद्धांशीं संभाषण’ या आयरिश ग्रंथांत तर अशी कथा आहे कीं, जुन्या वीरांच्या गोष्टी ऐकत बसणें आपल्या धर्मकार्यास योग्य कीं अयोग्य, अशी शंका पॅट्रिकच्या मनांत आली. तेव्हां देवदूतांनीं त्याला आज्ञा केली कीं, या वृद्धांच्या तोंडचे शब्द लिहून ठेव, पुढील लोकांस त्यांपासून आनंद होईल. आयर्लंडच्या या कथा आज आपण वाचतों याचें कारण हेंच कीं, ख्रिस्ती लेखकांनीं त्या टाकाऊ न मानतां कागदावर उतरविल्या.

मुलांनो, तुमच्यापैकीं प्रत्येकाच्या घरीं किंवा शेजारीं असा एक ओशीन आहे. तुमचे आजोबा व आजी ज्या देशांत वाढलीं तो देश नकाशावर हाच असला, तरी तो आतां उरलेला नाहीं. त्या देशांत रुपयाचे सोळा आणे होत. १९५७ मध्यें दशमान नाणीं आलीं आणि आणा गेला. पुढें २५ पैशांचें नाणें, ज्याला लोक संवयीनें चार आणेच म्हणत राहिले, तेंहि ३० जून २०११ नंतर चलनांतून गेलें. आजोबांच्या डब्यांतील तें नाणें घेऊन तुम्ही दुकानांत गेलां, तर इफिसच्या भाकरीवाल्यासारखाच दुकानदार तुमच्याकडे पाहील. १९६७ सालीं कोयनेचा भूकंप झाला ती रात्र, १९७२ च्या दुष्काळांतील खडी फोडण्याचीं कामें, तार आली म्हणजे घरांतील सर्वांच्या छातींत भरणारी धडकी, हें सर्व त्यांच्या पेटींत आहे. तारखातेंहि २०१३ मध्यें बंद झालें. म्हातारीं माणसें तीच गोष्ट पुन्हां पुन्हां सांगतात म्हणून तुम्ही कंटाळतां. त्यांची अडचण तुमच्या ध्यानांत येत नाहीं. त्यांना ओळखणारीं माणसें एकेक करून गेलेलीं आहेत. आपल्याच गांवांत तीं परकीं झालेलीं आहेत.

पालकांसहि एक विनंति आहे. वसतिगृहांतील मूल जूनमध्यें येतें आणि दिवाळींत घरीं जातें. तेवढ्यांत घरचें तान्हें मूल पाऊल टाकूं लागलेलें असतें. पोटासाठीं दूर गांवीं किंवा परदेशीं राहणाऱ्या बापाला वाटतें, तीन वर्षें तर झालीं. पण सहा वर्षांच्या मुलाचीं तीन वर्षें म्हणजे त्याचें अर्धें आयुष्य होय! बापाचें घड्याळ व मुलाचें घड्याळ यांतील हा भेद कोणत्याहि शास्त्रज्ञाच्या उपकरणाशिवाय मोजतां येतो. दूर राहणें कित्येकांस चुकवितां येत नाहीं. तथापि आठवड्यास एक पत्र, एक बोलणें, आणि घरीं आल्यावर मुलाला आधीं गुण न विचारतां त्यानें काय पाहिलें हें विचारणें, इतकें तरी सर्वांस करतां येण्याजोगें आहे.

मोशेच्या नांवें असलेल्या नव्वदाव्या स्तोत्रांत देवाचें कालमान आणि मनुष्याचें कालमान यांची तुलना आहे. तो भक्त देवाकडे अधिक वर्षें मागत नाहीं. आपले दिवस मोजण्याची बुद्धि मागतो. या चार कथा वाचल्यावर असें वाटतें कीं, आपले दिवस मोजतांना त्यांबरोबर शेजारच्या माणसाचेहि दिवस मोजावे. तसें केल्यास आपल्या उंबरठ्यावर आलेल्या ऊराशिमाला पेटी उघडण्याची पाळी येणार नाहीं.

अभ्यासासाठीं प्रश्न

१. समुद्राखालच्या राजवाड्यांतील एक वर्ष म्हणजे पृथ्वीवरील १०० वर्षें असें धरा. आपल्या शाळेंतील ३५ मिनिटांचा एक तास तेथें किती सेकंदांचा होईल?

२. ककुद्मी राजा ब्रह्मदेवाच्या घड्याळानें एक तास थांबला असता, तर पृथ्वीवर किती चतुर्युगें गेलीं असतीं?

३. चारहि कथांत, परत आलेल्यास काळ गेल्याचें कशावरून समजलें, तें प्रत्येकीं एका वाक्यांत लिहा.

४. ऊराशिमा व ओशीन या दोघांनींहि आज्ञा मोडली. दोघांत अधिक दोषी कोण? सकारण लिहा.

५. आपल्या घरांतील किंवा शेजारांतील सर्वांत वृद्ध व्यक्तीजवळ एक तासभर बसा. ती तुमच्या वयाची असतांना तिच्या गांवांत काय होतें कीं जें आतां नाहीं, हें विचारा व तिच्याच शब्दांत लिहून काढा. लिहिलेलें तिला वाचून दाखवा, आणि मगच वर्गांत आणा.